कण्याचं कापड

गेल्या ऑक्टोबरात नदी तळघरांत शिरली
आणि गावातल्या चारही चर्चचे कायदे भिजले.
ट्रान्सिल्व्हेनियाच्या या खोऱ्यात
पुस्तकं बांधणारी मी एकटीच उरले आहे,
म्हणून सगळे माझ्याच दारी आले.

फादर किलियेननी कॅथलिकांचं बाड पिठाच्या पोत्यातून आणलं.
रिफॉर्म्ड चर्चचे कारभारी देमेतेर आले ढकलगाडी घेऊन,
वर ताडपत्री, ताडपत्रीवर स्वतःचा कोट.
ऑर्थोडॉक्स पाद्र्यांच्या ओतिलियाच्या हाती उपासांची नियमावली,
कडा उंदरांनी खाल्लेल्या.
"उपासाच्याच पानांवर ताव मारला मेल्यांनी," ती हसली.
युनिटेरियनांचं पुस्तक सगळ्यांत किडकिडीत.
"तुमच्यात नियम कमी का?"
"छे, अक्षर बारीक," त्यांचा घंटावाला म्हणाला.

देमेतेरनी फळी पाहिली, घसा खाकरला:
"आमचं त्यांच्या शेजारी नको. मधे काहीतरी ठेवा."
मी मधे इस्त्री ठेवली.
ते गेल्यावर चारही एकाच दाबाखाली घातली, स्क्रू पिळला.
रात्रभर पाणी परातीत निथळत राहिलं,
सगळ्यांचं मिळून एकच, चहाच्या रंगाचं.

ओल्या पुस्तकाला लपवाछपवी जमत नाही.
जिथे बोटं जास्त लागली तिथेच ते आपण होऊन उघडतं.
देमेतेरांचं उघडलं बोरिश नावाच्या बाईपाशी:
रविवारी सूत कातले, सबब तीन रविवार
दाराशी उभी राहील, काळा रुमाल बांधून.
खाली दुसऱ्या कुणाच्या हातचं:
चौथ्या रविवारीही उभी राहिली.
कारण दिलेलं नाही.

आमच्याकडे जुनी रीत आहे.
मिश्र लग्नात मुलगे बापाच्या चर्चचे, मुली आईच्या.
रविवारी एकाच दारातून घर बाहेर पडतं,
अर्धं चढाने जातं, अर्धं उताराने,
आणि दुपारी रश्श्याभोवती पुन्हा टाचलं जातं.
गेर्गेय म्हणून देनेशचा झाला.
मुलगी झाली असती तर माझी.
झाली नाही.

कॅथलिक बाडाच्या सातव्या जुडीत
माझंच नाव निघालं.
वधू रिफॉर्म्ड. विधी रिफॉर्म्ड पाद्र्यापुढे.
बिशपांची परवानगी घेतलेली नाही. विधीची रीत चुकली.
सबब हा विवाह झालाच नाही.

मोडला, असं नाही.
संपला, असंही नाही.
तेरा वर्षं, दोन भाड्याची घरं, एक गाय,
त्याच्या आईचे शेवटचे आठ महिने,
तिची पाठ मी कुशीवर वळवून पुसायची
तेव्हा मी तिची कोण होते, ते पानात नाही.
खाली शिक्का मात्र सुरेख. पाण्यातही फुटला नव्हता.

देनेशनं मग रीतसर लग्न केलं,
दंतवैद्याकडच्या त्या उंच बाईशी.
बरी आहे ती. नाताळात मला अक्रोड पाठवते.
मी फोडते, खाते.

पान सुटं होतं. शेगडी दोन पावलांवर.
फादर किलियेन तरुण, जुड्या मोजून घेणाऱ्यातले नव्हेत.
पण बांधणाऱ्याचाही एक कायदा असतो,
कुठल्याच बाडात न लिहिलेला:
आलेलं पान परत गेलं पाहिजे.
मी सुईत दोरा ओवला, मेण लावलं,
आणि ते इतरांपेक्षा दोन टाके जास्त घालून शिवलं.

कण्याला आतून पट्टी लागते, जुन्या, धुऊन मऊ झालेल्या कापडाची.
नवं कापड खळ धरत नाही.
पेटीत तळाशी एक होतं, लाल भरतकामाचं,
ज्यानं आमचे दोघांचे हात बांधले होते
त्या न झालेल्या दिवशी.
उभी एक पट्टी फाडली. आवाज झाला,
मांजरानं डोळा उघडून मिटला.

फादर किलियेननी पुस्तक उघडून पाहिलं, मिटलं, पुन्हा उघडलं.
"कणा पक्का झालाय हो. कापड कसलं?"
"घरातलंच. जुनं."
"त्याचे किती?"
मी दोऱ्याचे लावले, खळीचे लावले, मजुरी लावली.
कापडाचे लावले नाहीत.